धुतलेला गालिचा लवकर का मळतो?

धुतल्यानंतर थोड्याच दिवसांत गालिचा पूर्वीपेक्षा अधिक वेगाने मळू लागला, तर दोष सहसा गालिच्याच्या प्रतीला किंवा रस्त्यावरच्या धुळीला दिला जातो. परंतु पुष्कळदा त्याचे कारण धुण्यासाठी वापरलेल्या द्रव्यातच असते. साबण, धुण्याची पावडर आणि गालिच्यासाठी मिळणारे शाम्पू यांत पृष्ठसक्रिय द्रव्ये असतात, म्हणजे ज्यांच्या रेणूचे एक टोक पाण्याकडे आणि दुसरे तेलकट पदार्थाकडे ओढ घेते अशी द्रव्ये. या दुहेरी ओढीमुळे मळ तंतूपासून सुटतो आणि पाण्यात तरंगत राहतो. ते पाणी बाहेर काढले तर मळही जातो. ते जागीच वाळले तर केवळ पाणी उडून जाते आणि पृष्ठसक्रिय द्रव्ये, थोड्याफार मळासह, तंतूंवर लेपासारखी राहतात. हा लेप बहुधा चिकट असल्याने तळव्यांवरची माती आणि तेलकटपणा तो धरून ठेवतो. कपडा खंगाळता येतो आणि पिळता येतो, जमिनीवर अंथरलेल्या गालिच्याच्या बाबतीत यांतले काहीच सहज साधत नाही.

फेस भरपूर आला म्हणजे सफाई उत्तम झाली, हा यातला सर्वात रुजलेला गैरसमज आहे. फेस म्हणजे द्रावणाच्या पातळ पापुद्र्यात अडकलेली हवा. मळ काढण्याचे काम त्याखालचे द्रावण करते, आणि म्हणूनच समोरून दार असलेल्या धुलाई यंत्रांसाठी मुद्दाम कमी फेसाची पावडर बनवली जाते व तिने कपडे स्वच्छ निघतात. गालिच्यावर द्रव्याचे प्रमाण वाढवल्याने वाढतो तो प्रामुख्याने मागे उरणारा अंश. कपड्यांची पावडर वापरणे तर दुहेरी तोट्याचे ठरते. तिच्यातील धुण्याच्या सोड्यामुळे द्रावणाचा सामू, म्हणजे आम्लता वा अल्कता दाखवणारा अंक, ७ या उदासीन पातळीच्या बराच वर जातो, आणि लोकर हे प्रथिन असल्यामुळे तीव्र अल्क तिला इजा करतो. शिवाय कपडे पांढरेशुभ्र भासावेत म्हणून पावडरीत घातलेली द्रव्ये तंतूंना चिकटून गालिच्याची रंगछटा बदलू शकतात.

उरलेला साबण व्हिनेगरने ‘कापला’ जातो, असे सर्रास सांगितले जाते, आणि या म्हणण्यात थोडे तथ्य असल्यामुळेच ते अधिक फसवे आहे. घरगुती व्हिनेगरमध्ये साधारण ५ टक्के अ‍ॅसेटिक आम्ल असते. पाण्यात मिसळून ते शिंपडल्यास तंतूंवर राहिलेली अल्कता मंदावते, आणि सोडायुक्त द्रव्याने राठ झालेल्या लोकरीला त्याचा उपयोगही होतो. तथापि हल्लीच्या शाम्पूंतील बहुतेक संश्लेषित पृष्ठसक्रिय द्रव्ये अशा सौम्य आम्लाने नष्ट होत नाहीत. खरा, म्हणजे तेल आणि अल्क यांपासून केलेला, साबण असेल तर आम्लाच्या संयोगाने त्यातून मूळ मेदाम्ले सुटतात, आणि ती पाण्यात न विरघळणारी व तेलकट असल्याने पुढची धुलाई अवघड होते. व्हिनेगर आणि खाण्याचा सोडा एकत्र ओतण्याचा उपाय दिसायला जोरकस, पण त्या बुडबुड्यांत कार्बन डायऑक्साइडच असतो. आम्ल आणि सोडा एकमेकांना निष्प्रभ करतात आणि मागे सोडियम अ‍ॅसिटेट हा क्षार राहतो, म्हणजे एक अवशेष काढताना दुसऱ्याची भर पडते.

रिठ्याचे पाणी नैसर्गिक असल्याने ते मागे काही ठेवत नाही, ही समजूतही टिकत नाही. रिठ्यातील सॅपोनिन हे पृष्ठसक्रियच असते आणि न काढल्यास तेही तंतूंवर वाळते. ते लोकरीला सौम्य आहे, एवढेच त्याच्या बाजूने म्हणता येईल.

अवशेष निघतो तो साध्या पाण्याने, मात्र ते पाणी परत ओढून घेतले तरच. कोरडी धूळ यंत्राने काढल्यावर हातभर जागेवर कोमट पाणी फवारावे आणि ओले शोषणाऱ्या व्हॅक्यूमने किंवा पांढऱ्या जाड टॉवेलने दाबून ते टिपावे. घासल्यास लोकरीची लव एकमेकींत गुंतून नमद्यासारखी होते. ओली जागा बोटाने चोळल्यावर फेस येईनासा होईपर्यंत हे पुन्हा करावे लागते. बोअरचे पाणी कठीण, म्हणजे कॅल्शियम-मॅग्नेशियमयुक्त, असेल आणि धुलाई साबणाने झाली असेल, तर न विरघळणारा साका तयार होतो; अशा वेळी नुसते गाळलेले पाणी नव्हे, तर क्षार काढलेले मृदू पाणी लागते, कारण साध्या गाळणीने हे क्षार जात नाहीत. वाफेची सफाई म्हणून ओळखली जाणारी व्यावसायिक पद्धतही बहुधा वाफेची नसून गरम पाणी फवारून लगेच शोषण्याची असते, आणि तिच्यात शोषणावर भर नसेल तर तीही निरुपयोगी ठरते. पाण्याचा अतिरेक मात्र घातक: अस्तर तागाचे असेल तर त्यातील तपकिरी द्रव्य पाण्याबरोबर वर चढून डाग पाडते, आणि एक-दोन दिवसांत गालिचा पूर्ण वाळला नाही तर बुरशी धरते. म्हणून पंखा लावून दोन्ही बाजूंनी हवा द्यावी.

पाण्याने गाठीचा गालिचा बिघडतो, ही भीतीही सरसकट खरी नाही. भदोही-मिर्झापूर पट्ट्यात विणून झालेले लोकरी गालिचे फरशीवर पसरून भरपूर पाण्याने धुतात आणि लांब दांड्याच्या फळीने ते पाणी ओढून काढतात. अपवाद रेशमासारख्या चमकणाऱ्या व्हिस्कोसचा. ओला झाला की हा तंतू दुर्बळ होतो, त्यामुळे असा गालिचा घरी भिजवू नये. कोणताही रंगीत गालिचा असो, एका कोपऱ्यावर ओले पांढरे फडके दाबून धरल्यावर त्याला रंग लागला तर घरगुती धुलाई तिथेच थांबवणे इष्ट.