एक पुडी, एक लिटर आणि आयनांचा हिशेब

ओआरएसच्या, म्हणजे आपल्या जलसंजीवनीच्या पुडीवर मागच्या बाजूला बारीक अक्षरांत चार नावे छापलेली असतात: सोडियम क्लोराइड २.६ ग्रॅम, पोटॅशियम क्लोराइड १.५ ग्रॅम, ट्रायसोडियम सायट्रेट २.९ ग्रॅम आणि ग्लुकोज १३.५ ग्रॅम. हे सगळे एक लिटर पाण्यासाठी. वजने पाहिली तर ही साखरेची पुडी वाटते, मीठ आपले चवीपुरते. पण आतड्याला ग्रॅमशी काही देणेघेणे नसते. तिथे मोजले जातात कण, आणि कणांचा हिशेब मांडला की पुडीचे रूपच पालटते.

मिठाचे रेणुवस्तुमान ५८.५. म्हणजे २.६ ग्रॅम मीठ झाले ४४ मिलिमोल (मिलिमोल हे कण मोजायचे माप). पाण्यात पडताच ते फुटते: ४४ सोडियम, ४४ क्लोराइड. सायट्रेटची गंमत वेगळी. त्याचे रेणुवस्तुमान (सोबतच्या पाण्याच्या दोन रेणूंसह) २९४, त्यामुळे २.९ ग्रॅमचे जेमतेम १० मिलिमोल भरतात. पण त्यातला प्रत्येक रेणू तीन-तीन सोडियम आयन सोडतो. म्हणजे आणखी ३० सोडियम. बेरीज ७४, पुडीवर ७५ छापतात. पोटॅशियम क्लोराइडचे २० मिलिमोल: २० पोटॅशियम आणि २० क्लोराइड. क्लोराइड एकूण ६४, छापील आकडा ६५. ग्लुकोज फुटत नाही, १३.५ ला १८० ने भागा, ७५ मिलिमोल.

उत्तर बरोबर आले का, हे द्रावणच सांगते, कारण त्यात धन आणि ऋण प्रभार सारखेच असावे लागतात. धन प्रभार ७५ अधिक २०, म्हणजे ९५. ऋण प्रभार क्लोराइडचे ६५ आणि सायट्रेटचे दहा त्रिक तीस, पुन्हा ९५. बारावीच्या मुलांना संहतीची गणिते शिकवताना अमुक मोलर तमुक क्लोराइड कशाला घ्यायचे, ही पाच रुपयांपासून वीस-पंचवीस रुपयांपर्यंत मिळणारी पुडी वर्गात का न्यायची नाही, हे मला कधी कळलेले नाही.

सोडियम ७५ आणि ग्लुकोजही ७५, हा योगायोग नव्हे. लहान आतड्याच्या भिंतीत एक प्रथिन असते. ते ग्लुकोज आत घेते ते सोडियमसोबतच, आणि दोघांमागोमाग पाणी शिरते. जीवरसायनशास्त्रज्ञ रॉबर्ट क्रेन यांनी ही कल्पना १९६० साली प्रागमध्ये मांडली. कॉलऱ्यात बाकी यंत्रणा कोलमडली तरी ही वाट चालू राहते.

१९७१ मध्ये बांगलादेशातून आलेल्या निर्वासितांच्या पश्चिम बंगालमधल्या बनगावच्या छावणीत सलाइन संपत आले, तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी याच वाटेवर भिस्त ठेवली. लिटरभर पाण्यात २२ ग्रॅम ग्लुकोज, ३.५ ग्रॅम मीठ, २.५ ग्रॅम खाण्याचा सोडा. हिशेब करा: मिठाचे ६० सोडियम, सोड्याचे ३०, एकूण ९०. पुढे जागतिक आरोग्य संघटनेच्या पुडीतही ९०च होते. दमट हवेत सोडा घातलेली पुडी तपकिरी पडून खराब होई, म्हणून १९८०च्या दशकात सोडा जाऊन सायट्रेट आले. अडीच ग्रॅमच्या जागी २.९ ग्रॅम, सोडियम मात्र तेवढेच, ३०.

मग ९० चे ७५ का झाले? जुन्या द्रावणातल्या सगळ्या कणांची बेरीज लिटरला ३११ होती आणि रक्ताची असते साधारण २९०. रक्तापेक्षा दाट द्रावण पाणी सहज आत जाऊ देत नाही. २००२ साली बेरीज २४५ वर आणली, आणि मुलांची उलटी, जुलाब व सलाइन लावण्याची गरज कमी झाली.

आता घराघरात होणारी चूक पाहा. लिटरची पुडी एका पेल्यात, म्हणजे २०० मिलिलिटरमध्ये कालवली की सगळे पाचपट: सोडियम ३७५, बेरीज १२२५. समुद्राच्या पाण्यात सोडियम ४७० च्या आसपास असते, रक्तात १४०. असले द्रावण शरीरातलेच पाणी आतड्यात ओढून आणते. दुकानात २०० मिलिलिटरच्या छोट्या पुड्याही मिळतात, त्यामुळे घोटाळा आणखी सोपा. पुडीऐवजी दुसरे काही द्यावे, तर शहाळ्यात पोटॅशियम भरपूर, सोडियम फार थोडे. कोलात लिटरला शंभर ग्रॅमच्या आसपास साखर आणि सोडियम नावापुरते. नावात ओआरएस मिरवणाऱ्या गोड पेयांना तो शब्द वापरायला अन्नसुरक्षेची केंद्रीय नियामक संस्था एफएसएसएआयने २०२५च्या ऑक्टोबरमध्ये मनाई केली, ते योग्यच झाले. फार उशिरा झाले एवढेच.

पुडी हाताशी नसेल तर लिटरभर पाण्यात सहा चहाचे चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ. साखर साधारण २५ ग्रॅम, म्हणजे ७३ मिलिमोल. आतड्यात ती फुटून तेवढेच ग्लुकोज देते. मीठ तीनेक ग्रॅम, सोडियम पन्नासच्या घरात. पोटॅशियम शून्य, ते केळ्यातून किंवा शहाळ्यातून द्यावे. चमचे मात्र सपाट हवेत. साखरेला थोडी शीग लागली तर बेरीज वाढते, आणि मिठाला लागली तर सोडियम दुपटीकडे सरकते.