काळाचा नकाशा : एका न लिहिलेल्या जंत्रीविषयी

रायगडावर तीन घटका रात्र उरली असताना शिवाजी महाराज सिंहासनावर बसले. सूर्योदयाला अजून सव्वा तास होता. जेधे शकावलीने या घटनेची मिती दिली आहे ती शके १५९६, आनंद संवत्सर, ज्येष्ठ शुद्ध द्वादशी, शुक्रवार. आपण मात्र राज्याभिषेकदिन त्रयोदशीला साजरा करतो. आणि ६ जून १६७४ ही तारीख पडताळून पाहिली तर वार निघतो शनिवार.

यात चूक कोणाचीच नाही. आपल्याकडे वार सूर्योदयाला बदलतो, म्हणून ती पहाट शुक्रवारातच जमा होते. सूर्योदयाला जी तिथी असेल तीच दिवसभर लिहायची, या रिवाजाने शुक्रवारच्या नावावर द्वादशी लागली. प्रत्यक्षात द्वादशी शुक्रवारी दुपारीच संपून त्रयोदशी सुरू झाली होती. मध्यरात्री दिवस बदलणाऱ्या इंग्रजांच्या हिशेबी मात्र शनिवार सुरू झालेला होता इतकंच.

त्या समारंभाला हजर असलेला कंपनीचा वकील हेन्री ऑक्झिंडेन जुन्या ज्युलियन पद्धतीने तारीख घालत होता, म्हणून ६ जून. गोव्यात पोर्तुगीजांनी ग्रेगरियन सुधारणा सोळाव्या शतकातच स्वीकारली होती, त्यांच्या कागदात हाच दिवस १६ जून. मोगल दफ्तरात हिजरी १०८५ चा रबिलावल चालू होता आणि औरंगजेबाच्या जुलूसाचं, म्हणजे राज्यारोहणाचं, सतरावं वर्ष. मराठी कागदांवर सुहूर सन १०७५, तोही अरबी आकड्यांत, एकं आधी घेऊन : खमस सबैन अलफ. आणि त्याच पहाटे राज्याभिषेक शकाचं पहिलं वर्ष सुरू झालं.

एकाच दिवसाच्या या सगळ्या नोंदी शेजारी शेजारी मांडलेलं पान ज्यात असेल, असा ग्रंथ मला हवा आहे. निव्वळ तारखांचं कोष्टक नको, काळाचा नकाशाच हवा. कोणता दिवस कोणत्या गावात कोणत्या नावाने चालला होता, हे त्यात बोट ठेवून दाखवता यावं.

या नकाशाचे तुकडे आपल्याकडे आहेत आणि ते अतोनात कष्टाने तयार झालेले आहेत. पेशवाईचे कागद वाचणाऱ्यांच्या हाताशी मोडकांची जंत्री असे, शिवकाळासाठी खरे जंत्री. मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी रॉबर्ट सेवेल यांच्यासह १८९६ मध्ये भारतीय कालगणनेचा इंग्रजी ग्रंथ सिद्ध केला. त्याच वर्षी त्यांचा मराठीतला भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहासही आला. शिक्षकाची नोकरी सांभाळून केलेलं हे काम आहे. दोनच वर्षांनी, पन्नाशीही न गाठता, ते गेले. मराठीने त्यांची आठवण फार कमी ठेवली, याची मला खंत वाटते.

जंत्री करणं म्हणजे बेरीज-वजाबाकी, असं ज्याला वाटतं त्याने एकदा अधिक महिन्याचं गणित मांडून पाहावं. चांद्र वर्ष साधारण ३५४ दिवसांचं, म्हणजे ऋतुचक्रापेक्षा दरवर्षी सुमारे ११ दिवस कमी. एकोणीस वर्षांत सात अधिक महिने घालून ते सावरतात. क्वचित एखाद्या महिन्याचा क्षयही होतो. १८२२-२३ मध्ये झाला, मग थेट १९६३-६४ मध्ये, आणि नंतर एकोणीसच वर्षांनी १९८२-८३ मध्ये. तिथी कधी वीस तासांत संपते, कधी सव्वीस तास चालते, त्यामुळे एखादी सूर्योदय न पाहताच निघून जाते, तर एखादी दोन सूर्योदय पाहते. शिवाय आपला महिना अमावास्येला संपतो, उत्तरेत पौर्णिमेला. आपला माघ वद्य पक्ष तिकडे फाल्गुनात मोजला जातो. पुण्याच्या आणि उत्तरेतल्या पत्रांची सांगड घालताना इथे महिन्याभराची गफलत सहज होते.

सुहूर सनाची चाल आणखी वेगळी. आकडे अरबी असले तरी वर्ष सौर. सूर्य मृग नक्षत्रात आला की ते बदलतं, म्हणून लोक त्याला मृगसाल म्हणत. पेरणी आणि सारावसुली पावसावर चालणार, तेव्हा ऋतूंतून सरकत जाणारं हिजरी वर्ष कुळकर्ण्याच्या कामाचं नव्हतं. सुहूरमध्ये ५९९ मिळवले की इसवी सन येतो, जानेवारी ते मे असेल तर ६००. पानिपतचा इहिदे सितैन मया अलफ म्हणजे ११६१. लढाई १४ जानेवारीची, म्हणून ६०० मिळवायचे आणि उत्तर १७६१.

या नकाशात घड्याळाचंही पान हवं. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ लागू झाली तरी मुंबईने आपली स्थानिक वेळ सोडली नाही. ती ३९ मिनिटं मागे होती आणि महापालिकेच्या कारभारात १९५५ पर्यंत टिकली. त्या काळातल्या एखाद्या आठवणीत 'संध्याकाळी साडेसहाला' असं वाचलं की मी थबकतो. कोणत्या घड्याळाचे साडेसहा?

पण माझा खरा जीव गुंतलाय तो या ग्रंथाच्या उलट्या भागात. मोडी पत्रं चाळणाऱ्याची अडचण अशी की बहुसंख्य पत्रांवर सालच नसतं. 'छ' म्हणजे चंद्र, त्यापुढे मुसलमानी महिना आणि तारीख. कधी सोबत तिथी, कधी वार. लिहिणाऱ्याला आणि वाचणाऱ्याला साल ठाऊकच होतं, मग लिहायचं कशाला? नेहमीची जंत्री सालावरून दिवस सांगते. इथे दिवसावरून साल शोधायचं आहे. तिथी आणि वार दोन्ही असतील तर सरासरीने सात वर्षांतलं एक जुळतं. हिजरी महिना मराठी महिन्यांतून हळूहळू मागे सरकत साधारण तेहतीस वर्षांनी पुन्हा जागेवर येतो, त्यामुळे अमुक मराठी महिन्यात अमुक मुसलमानी महिना असेल अशी दोन-तीनच वर्षं त्या फेऱ्यात सापडतात. तिथी, वार आणि छ असे तिन्ही धागे एका पत्रावर मिळाले, तर एका कारभाऱ्याच्या हयातीत बसणारं बहुधा एकच साल उरतं. बनावट सनदही इथेच पकडली जाते. खोटा कागद करणारा शाई जुनी दाखवेल, शिक्का उठवेल, पण शंभर वर्षांपूर्वीच्या वद्य पंचमीला कोणता वार होता हे त्याला अंदाजाने लिहावं लागतं.

संगणकाला आज हे गणित जड नाही. शिवजन्माची फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१, घातली की शुक्रवार निघतो, ज्युलियन १९ फेब्रुवारी आणि ग्रेगरियन १ मार्च १६३०. काम उरतं ते कागदांकडचं. कोणत्या दरबारात नवं साल कधी धरत, कारकून कोणतं पंचांग वापरत, अधिक महिना कोणी कुठे लिहिला, हे मोडी वाचणाऱ्या माणसांनी कागदागणिक टिपायला हवं. पुण्याच्या पेशवे दफ्तरातल्या एखाद्या रुमालापासून, म्हणजे कागदांच्या गठ्ठ्यापासून, ते सुरू करता येईल.