दगडावरचं नाव : खडकीच्या युद्धस्मशानभूमीत फिरताना



भाट्यात व्याख्यान म्हटलं की विषय खाडी, नारळ किंवा झरी विनायक यांच्या आसपासचा असावा, अशी साहजिक अपेक्षा असते. आज आपण बोलणार आहोत एका स्मशानभूमीबद्दल, आणि तीही पुण्याजवळच्या खडकीच्या. निवृत्त मंडळींच्या आमच्या गटानं ही जागा एका माहीतगारासोबत पायी फिरून पाहिली. फिरणं दोनेक तासांचं होतं, पण तिथून जो प्रश्न घेऊन आम्ही निघालो तो आपल्या रत्नागिरीचाच निघाला. प्रश्न असा : माणूस गेल्यावर दगडावर त्याचं नाव कोरलं तर नेमकं काय होतं? आणि कोरलं नाही तर नेमकं काय हरवतं?

आधी जागा समजून घेऊ. खडकी म्हटलं की आपल्याला ५ नोव्हेंबर १८१७ ची पेशवे-इंग्रज लढाई आठवते. पण मुळेकाठी होळकर पुलाजवळ असलेली ही स्मशानभूमी त्या लढाईची नाही, दुसऱ्या महायुद्धाची आहे. पश्चिम आणि मध्य भारतात ठिकठिकाणी सैनिक पुरले गेले होते. ज्या कबरींची कायमची देखभाल होईल याची खात्री नव्हती, त्या इथे एकत्र आणल्या. आज इथे दुसऱ्या महायुद्धातल्या १,६६८ कबरी आहेत. त्याच आवारात पहिल्या महायुद्धाचं एक स्मारक आहे. त्या काळात हिंदुस्थानात वारलेल्या १,८०० हून अधिक सैनिकांची नावं त्यावर आहेत. त्यांपैकी ६२९ जणांचे अवशेष मुंबईच्या शिवडी स्मशानभूमीतून मार्च १९६२ मध्ये इथे आणले गेले.

हिरवळ, पांढऱ्या दगडांच्या सरळ रांगा, मध्ये उंच क्रूस. पहिल्यांदा पाहणाऱ्याला वाटतं, बाग छान ठेवली आहे. आणि बहुतेक जण एक चक्कर मारून परत फिरतात. माहीतगार माणूस लागतो तो इथे. आमच्या मार्गदर्शकांनी पहिली गोष्ट सांगितली ती ही, की भराभर चालू नका. कुठलेही पाच दगड निवडा आणि वरून खाली वाचा.

दगड कसा वाचायचा

सगळ्यात वर पलटणीचं चिन्ह. खाली सैनिकाचा क्रमांक, हुद्दा, नाव, तुकडी, मृत्यूची तारीख आणि वय. मग बहुधा क्रूस किंवा दुसरं धर्मचिन्ह. अगदी तळाशी, असलीच तर, घरच्यांनी लिहून पाठवलेली एक ओळ. ही ओळ ६६ अक्षरांपेक्षा मोठी नसावी असा नियम होता, आणि शब्दांमधली मोकळी जागाही त्यातच धरली जायची. मुलगा गमावलेल्या आईला सगळं दुःख ६६ अक्षरांत बसवायचं होतं. वर सरकारी माहिती, खाली घरची ओळ. एकाच दगडावर राज्य आणि कुटुंब अशा दोघांचा आवाज ऐकू येतो.

दुसरी गोष्ट उंचीची. या पद्धतीचा ठरलेला दगड सुमारे २ फूट ८ इंच उंच आणि सव्वा फूट रुंद असतो. कर्नल असो की साधा शिपाई, माप तेच. यामागे एक विचार होता. पहिलं महायुद्ध चालू असतानाच, मे १९१७ मध्ये, फेबियन वेअर यांच्या प्रयत्नांतून ‘इम्पीरियल वॉर ग्रेव्हज कमिशन’ स्थापन झालं. आज तेच ‘कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशन’ म्हणून ओळखलं जातं. ब्रिटिश म्युझियमचे फ्रेडरिक केनियन यांनी १९१८ मध्ये त्याला अहवाल दिला : हुद्दा, पैसा, घराणं काहीही असो, दगड सारखाच. मृतदेह घरी नेण्याची परवानगीही कुणाला मिळाली नाही, कारण ते फक्त श्रीमंतांनाच परवडलं असतं. त्या काळच्या इंग्लंडमध्ये यावरून मोठा वाद झाला. ‘माझ्या मुलाच्या देहावर सरकारचा हक्क कसला?’ हा पालकांचा प्रश्न खोटा नव्हता. तरी आयोग हटला नाही.

तत्त्वज्ञान शिकवताना समतेवर आम्ही वर्गात पुष्कळ बोललो. पण समता दगडात मोजता येते, इंच आणि फुटांत, हे खडकीला जसं दिसतं तसं पुस्तकात दिसत नाही.

पण सगळे म्हणजे कोण?

आता मार्गदर्शक आम्हाला एका छोट्या स्मारकापाशी घेऊन गेले. पूर्व आणि पश्चिम आफ्रिकेतले सुमारे दोनशे सैनिक दुसऱ्या महायुद्धात हिंदुस्थानात वारले. आफ्रिकेतून हजारो मैल दूर येऊन ते इथे गेले, वेगवेगळ्या ठिकाणी पुरले गेले आणि त्यांच्या कबरी सांभाळणं शक्य झालं नाही. त्यांची आठवण म्हणून हे स्मारक. इतरांच्या कबरी उचलून इथे आणल्या, यांच्या नाही आणल्या. इथे खरी शंका सुरू होते. सगळ्यांना सारखा दगड हे तत्त्व मान्य. पण ‘सगळे’ म्हणजे कोण, हे कुणी ठरवलं?

या प्रश्नाचं उत्तर खडकीत मिळत नाही, त्यासाठी इराकमध्ये बसऱ्याला जावं लागतं. मेसोपोटेमिया म्हणजे आजचा इराक. पहिल्या महायुद्धात आपल्या मराठा पलटणी तिथे लढल्या. १०३ वी आणि ११० वी मराठा कुतच्या वेढ्यात सापडली, ११७ वी तिथल्याच मोहिमेत नावारूपाला आली. कबर ठाऊक नसलेल्या चाळीस हजारांहून अधिक मृतांसाठी बसऱ्याला स्मारक उभं राहिलं. ब्रिटिश सैनिकांची नावं त्यावर कोरली गेली, हिंदी अधिकाऱ्यांचीही कोरली गेली. साध्या हिंदी शिपायांच्या बाबतीत मात्र पलटणीचं नाव आणि पुढे मेलेल्यांचा आकडा, एवढंच.

कारण काय दिलं गेलं? या लोकांना कबरीचं आणि नावाचं महत्त्व वाटत नाही, असं अधिकाऱ्यांनी गृहीत धरलं. पण नावं ठाऊक नव्हती असं नाही. लष्कराच्या नोंदवह्यांत ती होती. विधवेला पेन्शन द्यायची तर नाव लागतंच ना? कागदाला नाव होतं, दगडाला नव्हतं.

आणि हे करता येण्यासारखं नव्हतं, असंही म्हणता येत नाही. कोरेगाव भीमाचा स्तंभ पाहा. १ जानेवारी १८१८ च्या लढाईनंतर कंपनी सरकारनं तो उभारला. त्यावर पडलेल्या ४९ शिपायांची नावं आहेत आणि त्यांतली २२ नावं ‘नाक’ या प्रत्ययानं संपणारी, म्हणजे महार शिपायांची आहेत. शंभर वर्षांपूर्वी याच राज्यकर्त्यांनी अस्पृश्य मानल्या गेलेल्या शिपायाचं नाव दगडात कोरलं होतं. १ जानेवारी १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्या स्तंभापाशी गेले. त्यांचं मूळ गाव आपल्याच जिल्ह्यातलं आंबडवे, वडील सैन्यातले सुभेदार, आणि निवृत्तीनंतर ते कुटुंब काही काळ दापोलीच्या कॅम्पात राहिलं. कोरलेल्या नावाची ताकद काय असते, हे त्या स्तंभानं पुढच्या पिढ्यांना दाखवलं. नाव असेल तर वारस हक्कानं येऊन उभा राहतो. आकड्यासमोर कोण उभा राहणार?

खुद्द आयोगाच्या विशेष समितीनं एप्रिल २०२१ मध्ये हे मान्य केलं. पहिल्या महायुद्धातले ४५ ते ५४ हजार मृत, त्यांत बहुतेक आशियाई आणि आफ्रिकी, असमान रीतीनं स्मरले गेले. आणखी किमान १ लाख १६ हजार जणांचं नावानिशी स्मरणच झालं नाही. तो आकडा साडेतीन लाखांपर्यंतही असू शकतो. ब्रिटिश सरकारनं संसदेत माफी मागितली. माफी मागितली हे चांगलंच. पण ती ज्यांची मागायची त्यांची नावं शोधण्याचं काम अजून उरलं आहे.

समुद्राला कबर नसते

आता भाट्याकडे येऊ. आपल्या किनाऱ्याची माणसं पलटणीत गेली तशीच जहाजांवरही गेली. सारंग, तांडेल, सुकाणी, खलाशी, आगवाले. हे शब्द कोकणातल्या किती घरांत अजून आहेत! बॉयलरपाशी कोळसा टाकणारा आगवाला जहाजाच्या पोटात असायचा. पाणतीर लागला की वर येण्याची संधी त्याला सगळ्यात कमी. दुसऱ्या महायुद्धात समुद्रात बुडालेल्या हिंदी नौदलाच्या चारशेहून अधिक आणि व्यापारी जहाजांवरच्या सुमारे सहा हजार माणसांची नावं मुंबईत मशीद बंदरजवळच्या सेलर्स होममध्ये नोंदलेली आहेत. तशीच नोंद बांगलादेशात चितगावलाही आहे. खडकीला पर्यटक जातात, त्या सेलर्स होमची पायरी किती जण चढतात?

कोकणाला युद्धातल्या मृतांसाठी दगड उभारणं नवीन नाही. आपल्याकडे वीरगळ आहेत. बोरिवलीजवळ एक्सरला तर जहाजांची लढाई कोरलेले वीरगळ आहेत. पण बहुतेक वीरगळांवर नाव नसतं. खाली लढाई, मध्ये अप्सरा वीराला नेताहेत, वर तो शिवलिंगापुढे बसलेला, आणि चंद्रसूर्य. कर्म सांगितलं आहे, माणूस सांगितलेला नाही. खडकीत उलट आहे. नाव, वय, तारीख आहे. तो कसा लढला याबद्दल एक अक्षर नाही. शौर्यपदक नसलं तरी दगड मिळतो, आणि भित्रा असला तरीही मिळतो. मृत्यूनंतर माणसाला आपली योग्यता सिद्ध करावी लागू नये, हा विचार आम्हाला फार मोलाचा वाटला.

मग आपल्या परंपरेत नावाला जागाच नाही का? आहे ना! तर्पणात आपण नाव आणि गोत्र उच्चारतो. शस्त्रानं मेलेल्यांसाठी पितृपक्षात चतुर्दशी राखून ठेवली आहे. आणि ज्याची तिथीच ठाऊक नाही, त्याच्यासाठी सर्वपित्री अमावास्या. मुसलमान घरांत फातिहा पढताना गेलेल्याचं नाव घेतात. आयोगाच्या स्मशानभूमींत ओळख न पटलेल्याच्या दगडावर ‘हा कोण ते देवालाच ठाऊक’ अशा अर्थाची ओळ असते. ती निवडणाऱ्या रुडयार्ड किपलिंगचा स्वतःचा मुलगा १९१५ मध्ये लूच्या लढाईत नाहीसा झाला होता. आपली सर्वपित्री आणि ती ओळ या एकाच गरजेतून आल्या आहेत. तेव्हा ‘यांना नावाचं काय’ असं म्हणणाऱ्यांनी आपलं घर कधी आतून पाहिलं नव्हतं, इतकंच.

इंग्रजांसाठी लढले, मग?

हा आक्षेप येणारच, आणि तो टाळू नये. साम्राज्यासाठी बंदूक उचललेल्याला आपण का आठवायचं? इथे दोन गोष्टी वेगळ्या कराव्या लागतात. कारणाचा गौरव करणं वेगळं आणि माणसाला विसरायला नकार देणं वेगळं. पगार, पेन्शन, घरचं कर्ज, घराण्याची परंपरा अशा अनेक कारणांनी माणसं भरती झाली. त्यांची नावं घेतली म्हणून साम्राज्य न्याय्य ठरत नाही. उलट, त्यांचा नुसता आकडा ठेवला की साम्राज्याचा हिशेबच आपण पुढे चालवतो.

माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे पाहा. १० जुलै १९४४ रोजी इटलीत ते पडले, मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्यांची कबर कुठे आहे ते ठाऊक नाही. नाव इटलीतच कॅसिनोच्या स्मारकावर आहे. पण माणगावात त्यांचा पुतळा आहे, आणि लोक तिथे जमतात. कबर नसली तरी गावानं नाव धरून ठेवलं. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावानं पहिल्या महायुद्धात ४६ जवान गमावले, तेही गाव ते अजून सांगतं. हे काम कुठल्या आयोगावर अवलंबून नाही.

म्हणून आज एवढंच सुचवतो. खडकीला जाल तेव्हा सावकाश चाला, पाच दगड पूर्ण वाचा, नावं मोठ्यानं वाचा. घरी आल्यावर आयोगाच्या संकेतस्थळावर आपल्या गावाचं नाव टाकून पाहा. ते विनामूल्य आहे. बऱ्याच नोंदींत वडिलांचं नाव आणि जिल्हा दिलेला असतो, मात्र इंग्रजी स्पेलिंग फार वेडंवाकडं असतं, तेव्हा दोनचार तऱ्हांनी शोधा. आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा : आपल्याकडचं कोण बोटीवर गेलं होतं? कोण परत आलं नाही? जे नाव मिळेल ते वहीत लिहून ठेवा, शक्य तर ग्रामपंचायतीत द्या. दगड लागेलच असं नाही. नाव एकदा लिहिलं गेलं, की पुढच्या कुणाला तरी ते वाचता येतं.