क्रॅनबेरीची आंबटगोड चटणी : फळाचे गुण, कृति व बागाईतदारांचा संघ

अमेरिकेंत व इंग्लंडांत नाताळच्या मेजवानीस हॅम हा पदार्थ पुष्कळ घरीं असतो. डुकराच्या मागील मांडीचें मांस मिठांत मुरवून, व बहुधा धुरी देऊन, टिकाऊ केलें म्हणजे त्यास हॅम म्हणतात. हें मांस खारट व स्निग्ध असल्यामुळें नुसतें खाल्लें असतां थोडक्याच घासांनीं वीट येतो. म्हणून त्याजबरोबर एखाद्या फळाची आंबटगोड चटणी वाढण्याची तिकडे चाल आहे. अमेरिकेंत ह्या कामीं अननस, मनुका, संत्रें इत्यादि फळें वापरतात. पण सणाच्या ताटांत जिला विशेष मान आहे ती चटणी क्रॅनबेरीची. खारट व तेलकट घासाबरोबर आंबटगोड तोंडीं लावणें हें आपणांस नवीन नाहीं. मेथांबा, लिंबाचें गोड लोणचें, चिंचगुळाची चटणी हीं सर्व त्याच जातीचीं होत.

आमच्या वाचकांपैकीं बरेचजण मांसाशन करीत नाहींत; त्यांनीं हॅमचा विचार बाजूस ठेवून केवळ चटणीकडे पाहावें. जें फळ कच्चें तोंडांत घालवत नाहीं, ज्यास ताजें खाणारें गिऱ्हाईक नाहीं म्हटलें तरी चालेल, त्या फळावर परदेशांतील हजारों एकरांचे बागाईतदार पिढ्यान्‌पिढ्या संसार चालवीत आले आहेत. हें कसें घडलें, हा प्रश्न पडेल त्या भावानें फळ विकून घरीं परतणाऱ्या प्रत्येक शेतकऱ्याच्या जिव्हाळ्याचा आहे.

फळ व त्याची लागवड

क्रॅनबेरी ही उत्तर अमेरिकेंतील मूळची वनस्पति होय. तिचा वेल जमिनीसरसा पसरतो, व एकदां लावला म्हणजे पुष्कळ वर्षें फळ देतो. शंभर वर्षांवरचे वेल फळत असल्याचीं उदाहरणें आहेत. फळ करवंदाएवढें, गडद तांबडें, कठीण व अत्यंत आंबट असतें. वेलास आम्लधर्मी जमीन लागते. खालीं कुजलेल्या वनस्पतींचा दलदलीचा थर व वर वाळू, अशी जमीन त्यास मानवते. तेथील मूळच्या रहिवाशांस हें फळ फार पूर्वींपासून ठाऊक होतें, व सुकविलेल्या मांसांत तें कुटून घालण्याची रीत त्यांच्यांत होती. पद्धतशीर लागवडीचा आरंभ मॅसॅच्युसेट्स राज्यांतील डेनिस गांवीं हेन्री हॉल ह्या गृहस्थानें सन १८१६ च्या सुमारास केला. वाऱ्यानें उडालेली वाळू ज्या वेलांवर पडली ते वेल अधिक जोमानें वाढले, असें त्याच्या नजरेस आलें. तेव्हांपासून दर कांहीं वर्षांनीं वेलांवर वाळूचा पातळ थर देण्याची रीत पडली, ती अद्यापि चालू आहे. आज अमेरिकेंत ह्या पिकांत विस्कॉन्सिन राज्याचा पहिला क्रमांक असून मॅसॅच्युसेट्सचा दुसरा आहे.

फळाच्या पोटांत चार पोकळ कप्पे असतात व त्यांत हवा असते. ह्या एका गुणाचे तेथील बागाईतदारांनीं दोन उपयोग करून घेतले आहेत. पहिला असा कीं, निरोगी फळ फळीवर टाकिलें असतां चेंडूप्रमाणें उसळतें व नासकें जागींच बसतें. ह्याच तत्त्वावर निवडणीचीं यंत्रें बसविलेलीं आहेत. दुसरा असा कीं, फळ पाण्यावर तरंगतें. म्हणून शरदॠतूंत वाफ्यांत पाणी सोडून, यंत्रानें वेल घुसळून फळें सुटीं करितात, व वर आलेलीं फळें एका कडेस लोटून उचलून घेतात. मात्र पाण्यांत काढलेलें फळ ताजें विकण्याइतकें टिकत नाहीं. तें रस व चटणी करण्याकडे जातें. ताज्या विक्रीचें फळ कोरड्या वाफ्यांतून काढतात, आणि तें एकंदर पिकाचा फारच थोडा भाग असतें.

चटणी दाट कां होते

फळाच्या सालींत व गरांत पेक्टिन नांवाचा चिकट पदार्थ असतो. तो उष्णतेनें सुटून पाण्यांत उतरतो, आणि पुरेसें आम्ल व पुरेशी साखर भेटली म्हणजे थंड होतांना त्याचें जाळें बनून रस गोठतो. पेक्टिन, आम्ल व साखर ह्या तिघांचा मेळ जमला तरच हें काम साधतें. क्रॅनबेरींत पेक्टिन भरपूर असतें, व आम्लाची तर ददातच नाहीं. मातीतपासणीच्या पत्रकांत जो सामू लिहितात तो ह्या फळाच्या रसाचा सुमारें २.५ भरतो, म्हणजे जवळजवळ लिंबाच्या तोडीचा. म्हणून ह्या चटणीस बाहेरून दाटपणा आणणारा कोणताहि पदार्थ घालावा लागत नाहीं. ज्या आंबटपणामुळें फळ खातां येत नाहीं, तोच आंबटपणा चटणीस उपकारक होतो.

साहित्य व कृति

क्रॅनबेरी ३५० ग्रॅम, साखर २०० ग्रॅम, पाणी एक पेला (सुमारें २४० मिलिलिटर), एका संत्र्याचा रस व त्याच सालीचा किसलेला वरचा नारिंगी भाग, शिरका दोन मोठे चमचे, लवंगा तीन-चार, दालचिनीचा एक लहान तुकडा, मोहरीची पूड एक लहान चमचा. संत्र्याची आंतील पांढरी साल घेऊं नये, ती कडू असते. हॅम मूळचेंच खारट असल्यामुळें मीठ घालूं नये.

भांडें कलंक न लागणाऱ्या पोलादाचें किंवा मिन्याचें असावें. बिनकल्हईचें तांब्यापितळेचें भांडें कदापि वापरूं नये; इतक्या आंबट पदार्थांत धातु उतरतो व तो पोटास अपायकारक होतो. ॲल्युमिनियमहि टाळावें.

प्रथम फळें निवडून, मऊ पडलेलीं काढून टाकून, स्वच्छ धुवावीं. साखर, पाणी, लवंगा व दालचिनी एकत्र करून उकळी आणावी व साखर विरघळल्यावर फळें सोडावीं. थोड्याच वेळांत फळें फुटूं लागतात व तडतड असा आवाज येतो. आंतील हवा व वाफ साल फोडून बाहेर पडते त्याचा तो आवाज होय. नंतर आंच मंद करून सुमारें दहा मिनिटें शिजवावें व अधूनमधून ढवळावें. शेवटीं संत्र्याचा रस, साल व शिरका घालून आणखी दोन-तीन मिनिटें ठेवून उतरवावें, व लवंगा-दालचिनी काढून टाकाव्या.

मोहरी मात्र आंचेवर घालूं नये. तिचा तिखटपणा थंड पाण्याच्या संयोगानें उत्पन्न होतो व उष्णतेनें उडून जातो. आपल्याकडे लोणच्यासाठीं मोहरी फेसून घेतात, तीच रीत येथें कामास येते. पूड थोड्या थंड पाण्यांत फेसून दहा मिनिटें ठेवावी व चटणी कोमट झाल्यावर मिसळावी.

हॅम भट्टींत भाजीत असतां ह्यांतील थोडी चटणी शेवटच्या अर्ध्या तासांतच त्यावर लावतात. त्यापूर्वीं लावली तर साखर करपून कडवट होते. राहिलेली चटणी वाटींत घालून पानांत वाढतात. सालीसकट ठेवली म्हणजे ती भरड राहते. गरम असतांनाच चाळणींतून गाळली म्हणजे तिची वडी पडण्याजोगी तुळतुळीत जेली होते. गाळावयाची असल्यास पाणी कांहींसें कमी घ्यावें.

बिघाड व त्यांचे उपाय

चटणी चुलीवर पातळ दिसली म्हणून घाबरून तशीच आटवीत बसणें ही नेहमींची चूक आहे. ती थंड झाल्यावरच दाट होते. परीक्षा करावयाची असल्यास थंड बशींत एक थेंब टाकून मिनिटभर थांबावें व बोटानें ढकलून पाहावें. वरच्या पृष्ठभागास सुरकुती पडली तर चटणी झाली असें समजावें. फार वेळ उकळल्यास पेक्टिन तुटतें, आणि चटणी एक तर पातळच राहते किंवा साखरेच्या पाकामुळें चिवट होते. फार दाट झाल्यास थोडें गरम पाणी किंवा संत्र्याचा रस मिसळावा. आंबटपणा तीव्र वाटल्यास साखर एकदम न घालतां चमच्याचमच्यानें वाढवावी, कारण थंड चटणी गरम चटणीपेक्षां कमी गोड लागते.

टिकविण्याची रीत

ह्या चटणींत साखर मुरंब्यापेक्षां बरीच कमी असल्यामुळें ती साखरेच्या जोरावर टिकेल असें समजूं नये. शीतपेटींत झांकून ठेवल्यास आठ-दहा दिवस चांगली राहते. अधिक काळ ठेवावयाची असल्यास मोहरी न घालतां, उकळत्या पाण्यांतून काढलेल्या गरम बाटल्यांत कढत असतांनाच भरावी, वर बोटाच्या एका पेराइतकी जागा रिकामी ठेवून झांकण लावावें, व बाटल्या पूर्ण बुडतील अशा उकळत्या पाण्यांत पंधरा मिनिटें ठेवाव्या. पदार्थ अतिशय आंबट असल्यामुळें हवाबंद डब्यांत प्राणघातक विष उत्पन्न करणारे जंतु त्यांत वाढत नाहींत. म्हणून एवढी उकळी पुरते. कमी आंबट भाज्यांस ही रीत मुळींच लावूं नये.

बागाईतदारांचा संघ

आतां मुख्य गोष्टीकडे वळूं. ताज्या क्रॅनबेरीचा हंगाम शरदांतील दोन-तीन महिन्यांचा. पीक चांगलें आलें कीं भाव पडे, व दबलेलें, डागी फळ तर कोणी घेत नसे. मार्कस युरॅन नांवाचे एक वकील स्वतः बागाईतदारहि होते. मॅसॅच्युसेट्समधील हॅन्सन येथें त्यांनीं सन १९१२ मध्यें क्रॅनबेरीची चटणी डब्यांत भरून विकण्यास आरंभ केला. फळाचें रूप बिघडलें तरी त्याचा रस बिघडत नाहीं, आणि डब्यांतील चटणी बाराहि महिने विकतां येते, हा त्यांतील हिशोब होता.

पुढें अशा कारखानदारांत चढाओढ सुरू झाली. परस्परांचे भाव पाडण्यांत सर्वांचेंच नुकसान आहे हें ओळखून युरॅन, मॅसॅच्युसेट्समधीलच जॉन मेकपीस व न्यू जर्सींतील एलिझाबेथ ली ह्या तिघांनीं सन १९३० मध्यें आपले धंदे एकत्र करून बागाईतदारांच्या मालकीचा सहकारी संघ स्थापिला. शेतकऱ्यांनीं माल एकत्र विकल्यास ती मक्तेदारी समजूं नये, असा कायदा अमेरिकेंत सन १९२२ मध्यें झाला होता. त्याचा आधार ह्या कामीं मिळाला. सन १९५९ पासून तो संघ ‘ओशन स्प्रे’ ह्या नांवानें ओळखला जातो, व अद्यापि बागाईतदारांच्याच मालकीचा आहे.

त्याच वर्षीं त्यावर मोठें संकट आलें. अमिनोट्रायझोल हें तणनाशक फळ काढून झाल्यावरच वापरावयाचें होतें. तें कांहीं ठिकाणीं आधींच वापरल्यामुळें ओरेगॉन व वॉशिंग्टन ह्या राज्यांतील कांहीं फळांत त्याचा अंश सांपडला. ९ नोव्हेंबर १९५९ रोजीं सरकारनें तसें जाहीर केलें, व ऐन सणाच्या तोंडावर देशभर विक्री कोसळली. ज्यांनीं तें औषध हातींहि धरलें नव्हतें त्यांचेंहि फळ पडून राहिलें. एका नांवाखालीं माल विकणाऱ्यांनीं हें नीट ध्यानांत ठेवावें, कीं एकाच्या उतावळेपणाचा दंड सर्वांस भरावा लागतो. ह्यानंतर केवळ सणाच्या चटणीवर विसंबून न राहतां संघानें क्रॅनबेरीच्या रसाच्या विक्रीवर भर दिला, व त्यानें धंदा सांवरला.

आपल्याकडील फळें

क्रॅनबेरी आपल्या हवेंत होणार नाहीं व तिचा हव्यास धरण्याचेंहि कारण नाहीं. तिचे गुण असलेलीं दोन फळें आपल्याजवळच आहेत. एक सह्याद्रीच्या रानांतील करवंद. दुसरें तांबड्या अंबाडीचें बोंड, ज्यास अमेरिकेंतील फ्लॉरिडा प्रांतांत ‘फ्लॉरिडाची क्रॅनबेरी’ असेंच म्हणत आले आहेत. वर दिलेली कृति दोहोंसहि लागू पडते. करवंदें अर्धवट पिकलेलीं घ्यावीं, कारण पूर्ण पिकल्यावर पेक्टिन कमी होतें. चीक जाण्यासाठीं तीं मिठाच्या पाण्यांत धुवावीं व शिजल्यावर बिया गाळून काढाव्या. अंबाडीच्या बोंडांचीं फक्त मांसल पाकळ्यांसारखीं तांबडीं दळें घ्यावीं, आंतील बियांचें बोंड टाकावें. साखरेचें प्रमाण चाखून ठरवावें. भाकरी, थालिपीठ किंवा दशमीबरोबर ही चटणी उत्तम लागते.

ज्यांस ती विकावयाची असेल त्यांनीं अन्नसुरक्षेच्या कायद्याप्रमाणें नोंदणी करून घ्यावी. परंतु त्याआधीं किलोभर फळ घरीं शिजवून, बाटल्यांत भरून, दोन महिने ठेवून पाहावें; आणि शेजारच्या चार बागाईतदारांसहि तसेंच करावयास सांगावें. पांचांची चटणी एका चवीची उतरली म्हणजे मग एका नांवानें विकण्याची गोष्ट बोलावी.