तानाग्राच्या मातीच्या बायका

अथेनाची सोन्या-हस्तिदंताची भव्य मूर्ती घडवणाऱ्या फिडियसला कुणी ‘बाहुल्या करणारा’ म्हटलं तर कसं वाटेल, असा सवाल इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात आयसॉक्रेटिस या अथेन्सच्या वक्तृत्वाचार्यानं केला होता. म्हणजे तसं म्हणणं हा उघड अपमान. डेमॉस्थेनिसनंही भर भाषणात अथेन्सकरांना टोमणा मारला, की तुम्ही सेनाधिकारी निवडता ते मातीच्या बाहुल्या करणाऱ्यांसारखे, बाजारात मांडायला, लढायला नव्हे. या कारागिरांची पत ही अशी. पण फिडियसची अथेना केव्हाच नाहीशी झाली आणि मातीच्या मूर्ती हजारोंनी शिल्लक आहेत. त्यातल्या सगळ्यात गाजलेल्या मूर्ती तानाग्राच्या.

तानाग्रा हे अथेन्सच्या उत्तरेला बोइओशिया प्रांतातलं जुनं नगर. १८७०च्या सुमाराला तिथल्या शेतकऱ्यांना जमिनीत थडगी लागली आणि थडग्यांत वीतभर उंचीच्या मूर्ती. अंगभर वस्त्र लपेटून घेतलेल्या, कुणाच्या हातात पंखा, कुणाच्या डोक्यावर उन्हाची टोकदार टोपी, कुणी मान किंचित कलती करून उभी. मग काय, रात्रीचे खणणारे आले, दलाल आले. सरकारनं अधिकृत उत्खनन सुरू करेपर्यंत हजारो थडगी रिकामी झाली होती. कोणती मूर्ती कुणाच्या उशाशी होती, लहान मुलाच्या की म्हाताऱ्या बाईच्या, याची नोंद कुणी ठेवली नाही. ठेवून भाव थोडाच वाढणार होता!

१८७८च्या पॅरिस प्रदर्शनात या मूर्ती मांडल्या गेल्या आणि युरोप त्यांच्यावर लुब्ध झाला. ग्रीक म्हणजे संगमरवरी देव आणि पिळदार योद्धे, या समजुतीत वाढलेल्या लोकांना प्रथमच रस्त्यावरून चालत यावी तशी नटलेली ग्रीक बाई दिसली. पॅरिसच्या दिवाणखान्यांना ती आपल्यातलीच वाटली. शिल्पकार जेरोमनं १८९० मध्ये ‘तानाग्रा’ याच नावाचं शिल्प केलं. ऑस्कर वाइल्डनं नाटकातल्या एका तरुणीला या मूर्तीची उपमा दिली, आणि तसं तोंडावर म्हटलं तर तिला राग येईल, असंही वर सांगितलं. मागणी इतकी वाढली की जुन्या मूर्ती पुरेनात. मग नव्या जुन्या करण्याचा धंदा बहरला. फुटके तुकडे जोडून, कधी सरळ नवा साचा काढून. पुढे माती शेवटची कधी भाजली गेली हे सांगणारी तापदीप्ती चाचणी आली, तेव्हा नामवंत संग्रहालयांतल्या काही लाडक्या बायका एकोणिसाव्या शतकात जन्मलेल्या निघाल्या.

खऱ्या मूर्तींची घडण पाहिली की आयसॉक्रेटिसचा तुच्छतेचा सूर पटत नाही. आधी मेणाची किंवा मातीची मूळ मूर्ती करायची, तिच्यावर ओली माती थापून पुढच्या बाजूचा साचा काढायचा आणि तो भाजायचा. साच्यात मातीचा पातळ थर दाबून बसवला की आतून मूर्ती पोकळ राहते. पाठ बऱ्याचदा साधीच, तिला एक भोक, म्हणजे भट्टीत वाफ कोंडून मूर्ती फुटत नाही. डोकं आणि हात वेगळ्या साच्यांतून काढून मातीच्या पातळ चिखलानं जोडायचे. चलाखी इथेच आहे. धड तेच, पण मान डावीकडे वळवली, हातात पंख्याऐवजी फळ दिलं, केस वेगळे बांधले की बाई निराळी. पेणच्या कारखान्यात एका साच्यातून निघालेले गणपती सोंडेच्या आणि हातांच्या जुळणीनं वेगवेगळे होतात, तोच हिशेब. भाजण्याआधी पांढऱ्या मातीचा हात द्यायचा आणि भाजल्यावर रंग: मंजिष्ठेचा गुलाबी, गेरूचा तांबडा, इजिप्शियन निळा. भट्टीनंतर दिलेले हे रंग जमिनीत बहुतेक झडून गेले. पॅरिसच्या लूव्रमधली ‘निळ्या वस्त्रातली बाई’ पाहिली की मूळचा थाट कळतो. तिच्या वस्त्राच्या काठाला सोन्याचा वर्खही आहे.

कधीकधी एखादा कारागीर दुसऱ्याच्या तयार मूर्तीवरूनच साचा उचले. माती सुकताना आणि भाजताना आक्रसते, त्यामुळे अशी नक्कल मूळ मूर्तीपेक्षा लहान आणि बोथट निघते. मग नकलेची नक्कल आणखी लहान. अभ्यासक आज या मापांवरून मूर्तींच्या पिढ्या लावतात. चोरीनं मागे वंशावळ सोडावी, हे मला फार आवडतं. ही शैली मुळात अथेन्समध्ये रुजली आणि तिथून तानाग्रात गेली, असं आता मानलं जातं; गाजावाजा मात्र तानाग्राच्या वाट्याला आला.

पॅरिसच्या रसिकांनी एक गोष्ट सोयीस्करपणे नजरेआड केली. या मूर्ती शोभेच्या कपाटातल्या नव्हत्या. प्लेटोच्या ‘फीड्रस’ संवादात सॉक्रेटिस नदीकाठी एका झाडाखाली येतो आणि तिथल्या बाहुल्या नि मूर्ती पाहून ही जागा अप्सरांची आणि आखेलूस या नदीदेवाची असावी, असं ओळखतो. गरिबाला देवाला बैल परवडत नसे, मातीचा पुतळा परवडे. लग्न ठरलेली मुलगी आपला चेंडू, केसांची जाळी, बाहुल्या आर्टेमिस देवीला वाहत असे. कोरिंथच्या टेकडीवर डेमेटर आणि तिची मुलगी कोरे यांच्या स्थानी अशा हजारो मूर्ती सापडल्या. देवाला वाहिलेली वस्तू देवाची. जागा अपुरी पडली तरी ती बाहेर फेकायची नाही, त्याच आवारात खड्डा करून पुरायची. हे खड्डे हेच आज पुरातत्त्वज्ञांचं भांडार.

मग थडग्यातली ही टोपीवाली बाई कोण? देवी म्हणावी तर हातात देवीची खूण नाही. मेलेली बाईच म्हणावी तर याच घाटाच्या मूर्ती देवळांतही मिळतात. काही अभ्यासकांना ती लग्नाच्या उंबरठ्यावरची मुलगी वाटते. कोरेला पाताळाच्या राजानं पळवून नेलं होतं. लग्नाआधी गेलेल्या मुलीबरोबर अशी नटलेली सखी पुरणं त्या कथेशी जुळतं. मला हे मत पटण्याजोगं वाटतं. पण ज्यांच्या आधारे ते तपासता आलं असतं, ती थडगी तर दलालांनी आधीच उपसली होती.

अलेक्झांडरच्या नंतर हे साचे, निदान ही शैली, भूमध्य समुद्राच्या काठाकाठानं फिरली. आशिया मायनरमधल्या मिरिना इथे फ्रेंच अभ्यासकांनी १८८० ते १८८२ मध्ये रीतसर उत्खनन केलं. तिथल्या मूर्तींच्या पाठीवर कारागिरांची किंवा कारखान्यांची नावं सापडतात. बाहुल्या करणाऱ्यांनाही सही करावीशी वाटली, एवढं तरी झालं.

पुढे रोमन व्यापाराच्या काळात पुढचा-मागचा असा दुहेरी साचा दख्खनपर्यंत दिसतो. धाराशिव जिल्ह्यातलं तेर हे सातवाहनकालीन व्यापारी नगर. ‘पेरिप्लस’ या ग्रीक भाषेतल्या प्रवासवर्णनात त्याचं नाव तगर असं येतं. तिथे केओलिन या पांढऱ्या मातीच्या, दुहेरी साच्यातून काढलेल्या पोकळ मूर्ती मिळाल्या आहेत. हे तंत्र पश्चिमेकडच्या संपर्कातून आलं असावं, असं अनेक अभ्यासक मानतात. चेहरे, केसांची ठेवण, दागिने मात्र अस्सल इथलेच; साचा परका असला तरी त्यातून ग्रीक बाई निघाली नाही. गावातल्या रामलिंगप्पा लामतुरे यांनी जमवलेल्या संग्रहातून तेरला संग्रहालय उभं राहिलं. तिथे अशा मूर्ती अगदी जवळून बघता येतात.