तीन दिवसांचा राजा आणि एकाच शाहचे दोन राज्याभिषेक

इराणचं सफवी साम्राज्य उभं राहिलं ते 14 वर्षांच्या पोराच्या मागे! 1501 मध्ये इस्माईलने तब्रीझ घेतलं, स्वतःला शाह जाहीर केलं आणि शिया पंथ हा राजधर्म ठरवला. तोवर इराणात बहुसंख्य लोक सुन्नी होते. बारा इमामांच्या नावाने बारा घड्यांची लाल टोपी घालणारे त्याचे किझिलबाश लढवय्ये त्याला दैवी पुरुष मानत. 1514 मध्ये चाल्दिरानच्या मैदानावर उस्मानी सुलतान सलीमच्या तोफा धडाडल्या आणि त्या श्रद्धेला पहिला तडा गेला. इस्माईल पुन्हा कधी जातीने रणांगणावर उतरला नाही. आणखी एक मौज: इराणचा हा शाह कविता करायचा तुर्कीत, तर तुर्कांचा सलीम फारसीत!

याच इस्माईलच्या रोषामुळे देश सोडलेले शाह ताहिर नावाचे विद्वान पोहोचले थेट आपल्या अहमदनगरला. त्यांच्याच प्रभावाने बुऱ्हाण निजामशहाने 1537 च्या सुमारास शिया पंथ स्वीकारला.

सफवींचा सुवर्णकाळ म्हणजे शाह अब्बास. त्याने 1598 मध्ये राजधानी इस्फहानला हलवली आणि तिथे सुमारे 560 मीटर लांबीचा भव्य चौक बांधला. या चौकात पोलो रंगायचा. त्याचे दगडी गोलखांब आजही जागेवर आहेत. रेशमाचा व्यापार वाढवायला त्याने जुल्फाचे आर्मेनियन व्यापारी सक्तीने उचलून इस्फहानजवळ वसवले. त्यांच्याच वस्तीत 1638 मध्ये छापील पुस्तक निघालं. 1622 मध्ये इंग्रजी जहाजांच्या मदतीने अब्बासने होर्मुझ बेट पोर्तुगीजांकडून हिसकावलं. गोव्यातून कारभार हाकणाऱ्या सत्तेला हा जबर तडाखा होता.

ज्योतिषांवर मात्र त्याचा गाढ विश्वास. राजावर मृत्युयोग असल्याचं त्यांनी सांगताच अब्बास गादीवरून उतरला आणि युसुफी नावाच्या, बाणांचे भाते शिवणाऱ्या दरवेशाला त्याने तख्तावर बसवलं. तीन दिवसांनी त्या बिचाऱ्याला ठार करण्यात आलं. योग टळला, शाह परत गादीवर!

पण अब्बासची खरी चूक घरातच झाली. बंडाच्या भीतीने त्याने थोरल्या मुलाला मारवलं, दोघांचे डोळे काढले. पूर्वी राजपुत्र प्रांतांवर सुभेदार म्हणून जात, कारभार शिकत. आता ते जनानखान्यात कोंडून वाढू लागले. अशाच कोंडवाड्यातून आलेला एक शाह 1666 मध्ये सफी या नावाने गादीवर बसला. तब्येत ढासळली, संकटं आली, तेव्हा मुहूर्त चुकला असं ठरवून 1668 मध्ये त्याचा पुन्हा राज्याभिषेक झाला, या वेळी सुलेमान या नावाने!

त्याचा मुलगा सुलतान हुसेन इतका मऊ, की समोर येईल त्या प्रस्तावाला ‘छान’ म्हणायचा. तेच त्याचं टोपणनाव पडलं. 1722 मध्ये महमूद होतकीच्या अफगाण फौजेने इस्फहानला वेढा दिला. उपासमारीने लोकांनी कुत्री-मांजरं खाल्ली, कातडंही चघळलं. ऑक्टोबरात हुसेनने स्वतःच्या हाताने महमूदला राजचिन्ह दिलं. अफगाण निमित्तमात्र, राज्यकर्ते घडवणंच थांबलेलं ते घराणं आतून केव्हाच पोकळ झालं होतं.

पुढे सफवींच्या नावाने लढणाऱ्या नादिर नावाच्या सेनानीने अफगाणांना हुसकावलं, 1736 मध्ये स्वतःच तख्त बळकावलं आणि तीन वर्षांनी दिल्ली लुटून मयूरासन इराणला नेलं.