नगरची भाषणं, लखनौचा करार

देवळाली प्रवराहून नगर म्हणजे तासाभराची वाट. त्या नगरात ३१ मे आणि १ जून १९१६ रोजी लोकमान्य टिळक स्वराज्यावर बोलले. तिथून निघालेला धागा कुठवर जातो, ते पाहून मी अजून थक्क होतो.

नगर आणि बेळगावच्या भाषणांवरून सरकारने त्यांना नोटीस बजावली, तीही २३ जुलैला, त्यांच्या साठाव्या वाढदिवशी. लोकांनी एक लाखाची थैली दिली, त्याच दिवशी! पुढे वर्षभराच्या चांगल्या वर्तणुकीसाठी २० हजारांचा जातमुचलका आणि १०-१० हजारांचे दोन जामीन असा हुकूम झाला. टिळक हायकोर्टात गेले. त्यांचे वकील कोण? बॅरिस्टर महंमद अली जीना! नोव्हेंबरमध्ये कोर्टाने हुकूम रद्द केला.

आणि डिसेंबरात, अवघ्या काही आठवड्यांनी, दोघेही लखनौत. जीना मुस्लीम लीगचे अध्यक्ष. टिळक १९०७च्या सुरतेच्या फुटीनंतर काँग्रेसमध्ये परतलेले. मवाळ-जहाल एकत्र आले आणि काँग्रेस-लीग करारही झाला.

या करारातलं एक कलम जवळून पाहण्यासारखं आहे. बिगरसरकारी सभासदाने आणलेल्या एखाद्या विधेयकाचा संबंध एका समाजाशी असेल आणि कायदे कौन्सिलातल्या त्या समाजाच्या तीन-चतुर्थांश सभासदांचा त्याला विरोध असेल, तर ते पुढे न्यायचं नाही. समजा, त्या समाजाचे १२ सभासद आहेत. ९ जण नाही म्हणाले की विधेयक तिथेच थांबलं. संख्येने थोडे असलेल्यांची धास्ती घालवण्यासाठी केवढा बारीक विचार!

किंमतही मोठी होती. मुसलमानांसाठी स्वतंत्र मतदारसंघ काँग्रेसने मान्य केले. मध्यवर्ती कौन्सिलात निवडून येणाऱ्या हिंदी सभासदांपैकी एक-तृतीयांश जागाही त्यांना दिल्या. फार दिलं, असा आक्षेप आला. टिळकांचं म्हणणं सरळ होतं: सरकार, हिंदू आणि मुसलमान अशी लढत तिरंगी आहे, ती दुरंगी झाली पाहिजे. हक्क आपल्याच देशातल्या कोणाला मिळाले, तर ते गमावले कसे?

१९१९च्या कायद्याने जागांची ही वाटणी बरीचशी उचलली. स्वतंत्र मतदारसंघांनी पुढे दरी रुंदावली, १९४७ला देशाची फाळणी झाली. तो हिशेब विसरता येत नाही. तरीही नगरात स्वराज्यासाठी तसूभर मागे न हटणारा माणूस सात महिन्यांत घरातल्यांसाठी एवढा मागे सरला, हे मला त्यांच्या सिंहगर्जनेइतकंच मोठं वाटतं.